कॅसलरॉकचा थांबा

गेल्या महिन्यात संध्याकाळचा वर्ग सुटल्यावर माझ्या एका विद्यार्थिनीचे आजोबा नातीला न्यायला आले आणि नेहमीप्रमाणे लगेच न निघता बाकावर बसले. त्यांचे डोळे पाणावले होते. मला वाटले, घरी काही बरेवाईट झाले की काय. तर त्यांनी खिशातून मोबाइल काढून मला एक गोष्ट वाचायला दिली. जपानात उत्तरेकडे होक्काइदो बेटावर एक लहानसे स्टेशन होते. तिथून रोज एकच मुलगी शाळेला जायची. रेल्वेने ते स्टेशन बंद करायचे ठरवले होते, पण त्या एका मुलीसाठी, तिचे शिक्षण संपेपर्यंत, ते चालू ठेवले. आजोबा म्हणाले, "गुरुजी, याला म्हणतात देश!"

ही गोष्ट आपल्यापैकी बहुतेकांनी केव्हा ना केव्हा वाचली असेल. ती अगदीच खोटी नाही, पण सांगतात तशी खरीही नाही. गोष्टीत स्टेशनाचे नाव कामी-शिराताकी असे येते. ती मुलगी प्रत्यक्षात क्यू-शिराताकी नावाच्या शेजारच्या स्टेशनावरून चढत असे. उतारू उरले नाहीत म्हणून ही दोन्ही स्टेशने, आणि त्यांच्याबरोबर शिमो-शिराताकी हे तिसरे, मार्च २०१६ मध्ये नव्या वेळापत्रकाबरोबर बंद झाली. जपानातले शैक्षणिक वर्षही मार्चमध्येच संपते, आणि मुलीचे शिक्षण त्याच महिन्यात पुरे झाले. दोन तारखा जुळल्या, आणि जगाने त्यांची एक गोष्ट केली.

हे मी आजोबांना सांगितले नाही. म्हाताऱ्या माणसाच्या डोळ्यांतले पाणी खोटे पाडण्यात काय अर्थ? मी त्यांना निराळेच विचारले. "आजोबा, तुमचे कुलदैवत गोव्यात. लहानपणी दर्शनाला कोणत्या वाटेने जात होता?" ते म्हणाले, "रेल्वेने. कॅसलरॉकवरून." आणि मग अर्धा तास ते बोलत होते. मिरजेला गाडी बदलणे, आईने बांधून दिलेले दशम्यांचे गाठोडे, लोंढ्याचा चहा, कॅसलरॉकला उघडावी लागलेली ट्रंक, आणि बोगद्यात शिरताना खिडक्या लावून घेण्याची धांदल. नात उभी राहून ऐकत होती. तिने यातले एक अक्षरही पूर्वी ऐकलेले नव्हते. जपानच्या स्टेशनाची गोष्ट तिला पाठ होती.

मला जे म्हणायचे आहे ते यातच आले. परक्या देशातल्या लहान स्टेशनासाठी आपण रडतो, आणि ज्या लहान स्टेशनावरून आपल्याच आजीआजोबांनी देवाला, लग्नाला, गाण्याला ये-जा केली, ते आपल्या हिशेबात धबधब्याच्या अलीकडचे एक नाव एवढेच उरले आहे.

कॅसलरॉक हे उत्तर कन्नड, म्हणजे जुन्या माणसांच्या तोंडच्या कारवार जिल्ह्यात, जोयडा तालुक्यात, गोव्याच्या हद्दीला लागून आहे. या तालुक्याला पूर्वी सुपा तालुका म्हणत. काळी नदीवर धरण झाले, सुपा गाव पाण्याखाली गेले, लोक रामनगरला वसवले गेले आणि तालुक्याचे ठाणे जोयड्याला आले. सगळा मुलूख दाट रानाचा. आज त्यातला मोठा भाग काळी व्याघ्र प्रकल्पात मोडतो. पूर्वेकडून येणारी गाडी लोंढा, तिनईघाट करत कॅसलरॉकला येते आणि तिथून सह्याद्रीचा कडा उतरून करंझोळ, दूधसागर, सोनावळी या वाटेने गोव्यातल्या कुळ्याला पोचते. अंतर २६ किलोमीटर. चढ असा, की दर ३७ फुटांना रूळ एक फूट वर चढतो. आगगाडीच्या हिशेबात हा चढ फार मोठा समजतात. घाटाचे नाव ब्रागांझा. पोर्तुगालच्या राजघराण्यावरून पडलेले.

रानात ही गाडी आली कशी, याची हकीकत ध्यानात ठेवण्यासारखी आहे. १८७६ ते १८७८ या सालांत दक्षिणेत भयंकर दुष्काळ पडला. धान्य एका जागी आणि भुकेली माणसे दुसऱ्या जागी, असे झाले. त्या अनुभवातून बल्लारी, गदग, हुबळी या भागात रूळ टाकण्याची निकड सरकारला पटली आणि १८८२ साली सदर्न मराठा रेल्वे कंपनी उभी राहिली. त्याच सुमारास इंग्रजांचे लक्ष मुरगावच्या बंदराकडे गेले. बंदर उत्तम, पण फिरंग्यांच्या हाती, आणि मध्ये सह्याद्री. २६ डिसेंबर १८७८ रोजी इंग्रज आणि पोर्तुगीज यांच्यात तह झाला. त्यात बंदरापासून हद्दीपर्यंत रेल्वे बांधण्याचे ठरले, दोन्ही बाजूंची जकात एक करण्याचे ठरले, आणि गोव्याच्या मिठावर इंग्रजांचा ताबा बसला. लंडनमध्ये एक कंपनी निघाली. तिच्या भांडवलावरच्या व्याजाला पोर्तुगीज सरकारने हमी दिली. मुरगावकडून काम सुरू झाले, १८८७ साली गाडी सावर्ड्याला पोचली आणि १८८८ साली घाट चढून कॅसलरॉकला आली. तिथे ती सदर्न मराठा रेल्वेच्या रुळाला मिळाली.

तेव्हा हे स्टेशन एका गावासाठी बांधलेले नाही. दोन राज्ये आणि दोन कंपन्या जिथे एकमेकींना भेटल्या, तिथे ते उभे राहिले, आणि गाव त्याच्याभोवती नंतर वाढले. पुढे कंपनीला अपेक्षेप्रमाणे मिळकत झाली नाही, आणि १९०२ पासून हा पोर्तुगीज रूळही सदर्न मराठा रेल्वेच चालवू लागली. त्याआधीच, १८९२ साली, जकातीचा तह संपला होता. एकत्र केलेली जकात पुन्हा दोन झाली. तेव्हापासून आपल्या बाजूची तपासणी कॅसलरॉकला आणि फिरंग्यांची कुळ्याला, असा रिवाज पडला. घाटाच्या वर एक सरकार, खाली दुसरे, आणि मध्ये दूधसागर.

आपल्या कोल्हापूरचा या रुळाशी संबंध जुना आहे. कोल्हापूर दरबारने स्वतःच्या खर्चाने मिरजेपर्यंत रेल्वे बांधली. १८८८ साली, म्हणजे घाटातली गाडी वर आली त्याच वर्षी, बालवयातल्या शाहू महाराजांच्या हस्ते तिच्या कामाचा आरंभ झाला आणि १८९१ साली ती सुरू झाली. कोल्हापूर, मिरज, बेळगाव, लोंढा, कॅसलरॉक, मुरगाव अशी ही एक माळ झाली. आपल्या कितीतरी घराण्यांची कुलदैवते फोंडा महालात आहेत. बैलगाडीने आंबोली किंवा फोंड्याचा घाट उतरणाऱ्या माणसाला ही केवढी सोय झाली असेल, हे त्या पिढीलाच ठाऊक.

माझे वडील, आबा, दरबारचे तबलावादक. खरे सांगायचे तर त्यांची दरबारची नोकरी जेमतेम दीड वर्षाची. अठराव्या वर्षी ते चाकरीला लागले, आणि १ मार्च १९४९ रोजी संस्थान विलीन झाले. पुढे साठ वर्षे लोक त्यांना दरबारचे तबलजी म्हणत राहिले आणि त्यांनीही ते नाव पोशाख जपावा तसे जपले. मी त्यांचे उतारवयातले अपत्य, त्यामुळे त्यांच्या गोष्टी ऐकायला मला वेळ भरपूर मिळाला. त्यांतली एक कॅसलरॉकची आहे.

१९५३ सालचा हिवाळा. आबा एका गायकाबरोबर फोंड्याकडच्या एका देवळाच्या उत्सवाला साथीला गेले होते. परतताना गाडी घाट चढून कॅसलरॉकला थांबली आणि तपासणीसाठी सगळे उतारू फलाटावर उतरले. गोव्यातून त्या काळी सोने, घड्याळे, परदेशी कापड चोरून आणत, म्हणून तपासणी कसून होई. ट्रंका उघडल्या, गाठोडी सुटली. आबांच्या पिशवीतून डग्गा निघाला. तांब्याचे भांडे, तोंड कातड्याने बंद, वरून वादीने आवळलेले. आत काय आहे ते बाहेरून दिसायचे कसे? तरुण कारकुनाने पुडी सोडायला सांगितली. आबांच्या पोटात गोळा आला. जमलेला डग्गा सोडायचा म्हणजे पुन्हा मढवायला मिरज गाठायची, आणि दुसऱ्या दिवशी बेळगावला बैठक ठरलेली.

तेवढ्यात वयस्क अधिकारी जवळ आले. त्यांनी डग्गा हातात घेऊन तोलला, खाली ठेवला आणि म्हणाले, "वाजवा." आबा फलाटावर सतरंजी टाकून बसले. बोटे गारठली होती. तीनतालातला एक कायदा त्यांनी धरला. हमाल जमले, उतारू जमले, इंजिनाला पाणी देणारा माणूसही येऊन उभा राहिला. अधिकारी डोळे मिटून ऐकत होते. थोड्या वेळाने ते कारकुनाला म्हणाले, "घुमतोय. आत काही असते तर बोलला नसता." आणि त्यांनी पिशवीवर खडूची खूण केली. आबांनी ती पिशवी पुढे कधी धुतली नाही. मी पाहिली तेव्हा खूण जवळजवळ पुसली होती, पण ती कुठे होती हे आबा अंधारातही बोट ठेवून दाखवत.

संगीताचा इतिहास आपण घराण्यांनी आणि दरबारांनी मोजतो. त्यातला पुष्कळसा फलाटांवर घडला आहे. मिरजेत राहिलेले अब्दुल करीम खाँ २७ ऑक्टोबर १९३७ रोजी गेले ते मद्रासेकडच्या सिंगपेरुमाळकोईल नावाच्या लहान स्टेशनावर. पाँडिचेरीला जाताना छातीत दुखू लागले म्हणून ते मध्येच उतरले, फलाटावर अंथरूण घातले, नमाज पढले आणि तिथेच त्यांनी देह ठेवला. त्या रात्री तिथे गाडी थांबत नसती, तर त्यांचे शेवटचे क्षण धावत्या डब्याच्या खडखडाटात गेले असते. केसरबाई केरकर, मोगूबाई कुर्डीकर, दीनानाथ मंगेशकर ही सगळी मंडळी गोव्याची, आणि त्यांची कीर्ती झाली ती घाटाच्या या बाजूला. ती कोणकोणत्या वाटांनी वर आली याचा हिशेब कोणी मांडलेला नाही. पण गोव्यातले गाणे आणि आपला देशावरचा श्रोता यांना सांधणाऱ्या वाटांत हा रूळ होता, एवढे म्हणायला कागदाची गरज नाही.

मग १९५५ साल उजाडले. गोवामुक्तीचा सत्याग्रह पेटला होता. १५ ऑगस्ट १९५५ रोजी ठिकठिकाणांहून सत्याग्रही निःशस्त्र गोव्याच्या हद्दीत शिरले. पत्रादेवीची हकीकत आपल्याला ठाऊक आहे. कॅसलरॉककडून रूळ धरून गेलेल्या तुकडीवरही पोर्तुगीजांनी गोळीबार केला. त्यानंतर सीमा बंद झाली, गाड्या बंद झाल्या, आणि ज्या स्टेशनाचा जन्मच दोन मुलखांना जोडण्यासाठी झाला होता ते सहा वर्षे रुळाचे शेवटचे टोक होऊन राहिले. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला, पुढे गाड्या पुन्हा सुरू झाल्या, आणि जकातीची मेजे कायमची उठली. आबा त्यानंतर पहिल्यांदा त्या वाटेने गेले तेव्हा म्हणे सवयीने पिशवी उघडून बसले होते. शेजारचा उतारू हसला, "मास्तर, आता कोणी विचारत नाही." आबा सांगत, की त्या क्षणी आनंद झालाच, पण कुणी "वाजवा" म्हणाले नाही याची चुटपूटही लागली.

यानंतरचा इतिहास माझ्या पिढीचा. १९७१ च्या सुमारास पुणे, मिरज, कोल्हापूर रूळ रुंद झाला. मिरजेच्या दक्षिणेला मीटरगेज राहिले, ते नव्वदच्या दशकात बदलले. १ एप्रिल २००३ पासून हा भाग हुबळीच्या नैऋत्य रेल्वेकडे आला. २०१३ साली एका हिंदी चित्रपटात दूधसागरच्या पुलावर थांबलेली गाडी दिसली, आणि तेव्हापासून पावसाळ्यात या रुळावर तरुणांची झुंबड उडू लागली. रुळांतून चालणे धोक्याचे आणि बेकायदा, म्हणून रेल्वेने त्याला मनाई केली. जुलै २०२३ मध्ये अशा मंडळींना रुळाच्या कडेला उठाबशा काढायला लावल्याची चित्रे आपण सर्वांनी पाहिली. तरुणांनी धबधबा पाहू नये असे मी म्हणणार नाही. पण कॅसलरॉकला उतरून पुढे पळणाऱ्या त्या गर्दीत फलाटाकडे मान वळवून पाहणारा मला विरळाच दिसला.

मी स्वतः त्या फलाटाकडे नीट पाहिले ते दिग्गीच्या वाटेवर. दिग्गी हे याच जोयडा तालुक्यातले, गोव्याच्या हद्दीजवळचे, रानातले गाव. काळी नदी ज्या डोंगरांत उगम पावते, तोच हा प्रदेश. नकाशावर पाहिले तर त्याला जवळचे स्टेशन कॅसलरॉक. बेळगावच्या माझ्या एका विद्यार्थ्याने शिमग्यात घुमट ऐकायला म्हणून मला तिकडे नेले. आम्ही मिरजेहून कॅसलरॉकच्या साध्या गाडीत बसलो. डब्यात आमच्यासारखे पाहुणे थोडे. बाकी मोळ्या, दुधाचे डबे, शाळेची दप्तरे, गोव्यात कामाला जाणारे तरुण आणि तिकडून सुट्टीवर परतणाऱ्या बाया. लोंढ्यानंतर डबा हलका होत गेला. तिनईघाटला एक म्हातारी उतरली, तिला गार्डने हात दिला. कॅसलरॉकला गाडी संपली.

दिग्गीच्या ज्या कुणबी घरात आम्ही उतरलो, तिथल्या कारभाऱ्याने रात्री घुमट वाजवून दाखवले. मातीचे मडके, एक तोंड कातड्याने मढवलेले, दुसरे उघडे. पूर्वी त्याला घोरपडीचे कातडे लावत. आता कायद्याने मनाई आहे, म्हणून बकऱ्याचे लावतात. त्या घुमाऱ्यात मला आबांचा डग्गा ऐकू आला. जेवताना मी त्यांना विचारले, की रेल्वेचा तुम्हाला उपयोग किती? ते म्हणाले, "मास्तर, आमचे अर्धे सोयरे डोंगराखाली, गोव्यात. पोरे कामाला तिकडेच. आजाऱ्याला न्यायचे तर गाडी. आजोबांच्या वेळी मध्ये फिरंग्याची हद्द होती, तरी गाडी होती. आता हद्द नाही, आणि गाडी केव्हा आहे ते विचारावे लागते." त्यांच्या बोलण्यात तक्रारीचा सूर नव्हता. पाऊस केव्हा येणार हे सांगावे तसे ते सांगत होते.

आता मुख्य प्रश्नाला येतो. लहान स्टेशनाचा जीव कशात असतो? आपल्याकडे असा समज आहे, की जुनी इमारत रंगवली, एक पाटी लावली, बाहेर जुने इंजिन मांडून ठेवले, की स्टेशन जपले. इमारत जपावी, याला माझी हरकत नाही. पण स्टेशन म्हणजे थांबा. गाडी थांबते, माणूस चढतो, माणूस उतरतो, म्हणून ते स्टेशन. थांबा गेला, की उरते ते चित्र काढण्याजोगे घर.

मार्च २०२० मध्ये टाळेबंदीत देशभरच्या पॅसेंजर गाड्या बंद झाल्या. पुढे त्यांतल्या बऱ्याच परत आल्या, पण एक्सप्रेसचे नाव घेऊन. आणि १० रुपयांचे किमान भाडे ३० झाले. गाडी तीच, वेग तोच, थांबे तेच किंवा कमी. फेब्रुवारी २०२४ मध्ये रेल्वेने ही चूक सुधारली आणि भाडे पुन्हा खाली आणले. त्या चार वर्षांत मोळीवाला आणि दप्तरवाला कुठे गेला, याची नोंद कोणत्या खात्यावर आहे? शहरातल्या माणसाला २० रुपयांचा फरक कळत नाही. दिग्गीच्या घरातून दोन माणसे जाऊन-येऊन निघाली, की त्याच फरकाचे ८० रुपये होतात.

याच काळात या घाटात दुसरा रूळ टाकण्याचा वाद गाजला. रेल्वेचे म्हणणे, मालवाहतूक वाढली आहे, एका रुळावर भागत नाही. गोव्यातल्या लोकांचे म्हणणे, मुरगावहून कोळसा नेण्यासाठी आमचे रान आणि आमची गावे का खर्ची घालता? नोव्हेंबर २०२० मध्ये चांदर येथे लोक रात्री रुळांवर येऊन बसले. कॅसलरॉक ते कुळे या दुसऱ्या रुळाला राष्ट्रीय वन्यजीव मंडळाच्या स्थायी समितीने दिलेली संमती सर्वोच्च न्यायालयाने मे २०२२ मध्ये बाजूला सारली. रान तोडून रूळ वाढवू नये, असे माझेही मत आहे. तथापि या सगळ्या वादात कोळसा, वाघ आणि धबधबा यांच्याविषयी जेवढे वाचायला मिळाले, त्याच्या शतांशानेही कॅसलरॉकला गाडीची वाट पाहणाऱ्या माणसाविषयी मिळाले नाही. रूळ एक असो की दोन, त्याच्यासाठी गाडी थांबणार का, हा त्याचा प्रश्न.

यावर हिशेबी माणूस म्हणेल, की चार तिकिटांसाठी गाडी थांबवणे परवडत नाही. हा आक्षेप मी हसण्यावारी नेत नाही. रेल्वे हे धर्मादाय खाते नव्हे. पण कॅसलरॉकपुरते उत्तर सोपे आहे. या घाटात गाडीला जोडीची इंजिने लागतात आणि उतरण्याआधी ब्रेक तपासावे लागतात. म्हणजे कॅसलरॉकला गाडीला थांबावेच लागते. ते डोंगरानेच ठरवून दिले आहे. जिथे गाडी इंजिनासाठी थांबते तिथे माणसासाठीही थांबली, तर खर्च कितीसा वाढणार? गाण्याच्या वर्गात मी मुलांना सांगतो, की तानेची धाव सगळे ऐकतात, पण कोणत्या स्वरावर थांबायचे हे ज्याला कळले त्यालाच राग कळला. रेल्वेलाही हे कळायला हरकत नाही.

तेव्हा माझे मागणे मोठे नाही. मिरज ते कॅसलरॉक ही साध्या भाड्याची, सगळीकडे थांबणारी गाडी चालू राहावी, आणि तिची वेळ शाळा, बाजार व दवाखाना यांना सोयीची असावी. पावसाळ्यात ती अचानक रद्द झाली तर तशी खबर वेळेवर स्टेशनात लागावी. घाट उतरणाऱ्या गाड्यांत त्या भागातल्या माणसाला चढण्याउतरण्याची मुभा असावी. हे मागायला आपण कोल्हापूरकरांनी का पुढे यावे, असे कुणी विचारील. ज्या रुळाने आपल्या वाडवडिलांना देवापर्यंत पोचवले, त्याच्या काठच्या माणसांचे आपण काही देणे लागतो, म्हणून. आणि पत्र लिहिणारा, वेळापत्रकाच्या बैठकीत बोलणारा माणूस आपल्यात सापडतो, दिग्गीत सापडणे अवघड आहे, म्हणूनही.

दुसरे मागणे वाचकांकडेच आहे. आपल्या घरांतल्या माळ्यांवर, देवघराच्या फळीवर, जुन्या ट्रंकांत त्या काळचे कागद असतील: परवाने, जकातीच्या पावत्या, तिकिटे, गोव्याहून आलेली पत्रे. ते रद्दीत घालू नका. आणि घरात ऐंशी वर्षांचे माणूस असेल तर त्याला एक संध्याकाळ विचारा, की १९५५ पूर्वी तुम्ही कोणत्या वाटेने गेलात, ट्रंकेत काय होते, भीती वाटली का. ते लिहून ठेवा, तारीख घाला. आबा गेले त्याला आता बारा वर्षे झाली. त्या वयस्क अधिकाऱ्याचे नाव मी त्यांना कधी विचारले नाही, याची मला आज रुखरुख वाटते.

परवा ते आजोबा पुन्हा आले. नातीने त्यांच्या तोंडून ऐकलेले सगळे वहीत उतरवून घेतले होते; चार पाने भरली होती. तिने मला विचारले, "सर, तिथे अजून गाडी थांबते ना?" मी म्हटले, "थांबते." येत्या माघात आम्ही तिघे मिरजेला गाडी बदलून कॅसलरॉकला जाणार आहोत. आजोबा दशम्या घेणार आहेत आणि मी आबांचा डग्गा. तपासायला कोणी नसेल, पण फलाटावर सतरंजी टाकून थोडा वेळ वाजवावा असे मनात आहे. दिग्गीच्या कारभाऱ्यांना निरोप धाडला आहे; जमल्यास ते घुमट घेऊन येतील.